रकान्यातलं ‘नाही’

न्यायमूर्ती बोलताना तोंडाशी मूठ धरत, त्यामुळे त्यांनी काय विचारलं ते अनिमा खलखोला कळलं नाही. तिने आपल्या वकीलबाईंकडे पाहिलं. नीलम सहाय तिच्याकडे पूर्ण वळल्या आणि ओठ नीट दिसतील अशा बेताने म्हणाल्या, “फॉर्मात अपंगत्वाच्या रकान्यात तू ‘नाही’ लिहिलंस. का, ते विचारताहेत.”

चौदा महिन्यांपूर्वी कारकुनांच्या भरतीच्या परीक्षेत पर्यवेक्षकाने तिच्या केसांआडचं श्रवणयंत्र ओढून काढलं होतं. कॉपीचं साधन म्हणून ते लाखबंद पाकिटात गेलं आणि परीक्षा घेणाऱ्या आयोगाने तिला तीन वर्षं कुठल्याही सरकारी भरतीच्या परीक्षेला बसायची बंदी घातली. ती एकोणतीस वर्षांची होती. बंदी उठेपर्यंत वय उलटून गेलं असतं. दुसरं यंत्र घ्यायची ऐपत नव्हती. तेव्हापासून ती माणसांच्या ओठांवर नजर ठेवून दिवस काढत होती.

“पकडलेला प्रत्येक जण हल्ली बहिराच निघतो, साहेब,” आयोगाचे वकील म्हणाले. “खरंच ऐकू येत नव्हतं, तर लिहायला काय झालं होतं?” ते तिच्याकडे बघूनच बोलत होते, त्यामुळे हे मात्र तिला अक्षरन् अक्षर कळलं.

दाराशी तिचे वडील बोनिफास इस्त्रीचा सदरा घालून उभे होते. लोहरदग्याच्या सायबर कॅफेत फॉर्म भरताना तेच तिच्या शेजारी बसले होते. “‘नाही’ लिही,” ते कानाशी कुजबुजले होते. “गावात बभ्रा झाला तर लग्न जमायचं नाही तुझं.”

अनिमाने दाराकडे पाहिलं नाही.

“मीच लिहिलं,” ती म्हणाली. आवाज फार चढला असावा. समोरचा लघुलेखक दचकून तिच्याकडे बघायला लागला.

“म्हणजे खोटं लिहिलंस?” न्यायमूर्तींचा प्रश्न नीलमबाईंनी तिच्यापर्यंत पोचवला.

“हो, साहेब. ते खोटं लिहिलं. पण पेपरातली उत्तरं माझी होती.”

न्यायमूर्तींनी मूठ खाली घेतली. आयोगाकडचं पाकीट त्यांनी मागवलं, उलटसुलट करून पाहिलं. लाख जशीच्या तशी होती.

“हिला तीन वर्षांची बंदी घातलीत, आणि हे एकदा उघडूनसुद्धा बघितलं नाहीत?”

आयोगाचे वकील कागद चाळत राहिले.

पाकिटातून काजूएवढं, कातडीच्या रंगाचं यंत्र निघालं. त्याच्यावरचा नंबर आणि नीलमबाईंनी पुढे केलेल्या सरकारी दवाखान्याच्या कार्डावरचा नंबर एकच होता. पुढचं काम पाच मिनिटांत उरकलं. बंदी रद्द. यंत्र परत. ती परीक्षा मात्र गेली ती गेली. तिथल्या जागा केव्हाच भरल्या होत्या. वयात बसणारी आता एकच भरती उरली होती, आणि तिथला अर्ज भरायला आठच दिवस होते.

यंत्र अनिमाच्या मुठीत होतं, पण चौदा महिन्यांत त्याची बॅटरी संपली होती. बाहेर व्हरांड्यात बोनिफास जमिनीकडे बघत काहीतरी म्हणाले.

“काय?” अनिमाने विचारलं.

एरवी ते नुसता हात झटकून पुढे चालू लागले असते. आज ते थांबले आणि तिच्या अगदी समोर येऊन उभे राहिले.

“माझं नाव का नाही घेतलंस तिथं? मी लिहायला लावलं होतं ते. माझी पोरगी बहिरी आहे, हे मी लपवलं. तू नाही.”

चहा पिणारे दोघेतिघे वकील कप तसेच धरून वळले. बाबा किती मोठ्याने बोलताहेत, ते तिला त्यांच्या चेहऱ्यांवरून कळलं.

“हळू, बाबा,” ती म्हणाली. “लोक ऐकताहेत.”

“ऐकू देत.”