तळ्याच्या जागी टेकडी

"हात पुसलेत ना?" तिने विचारलं आणि टेबलावरची चादर काढली.

टेबल तिने ओढत ओढत नवऱ्याच्या खुर्चीपाशी आणलं होतं. त्यावर पुठ्ठ्याचा डोंगराळ मुलूख पसरला होता. नकाशातल्या उंचीच्या एकेका रेषेबरहुकूम पुठ्ठा कापायचा आणि थरावर थर चिकटवायचा, थंडीभर तिचं हेच चाललं होतं. उघड्या खडकाला पॉलिशपेपर, जंगलाला लोकर, ओढ्याला सुतळी. नकाशा नवऱ्याच्याच हातचा. सगळी नोकरी त्याने त्या मुलखात पायपीट करण्यात घालवली. काचबिंदूने दोन्ही डोळे नेले आणि त्याने खुर्ची धरली, ती सोडायचं नावच नाही. डोंगर हाताला लागला तर माणूस उठेल, एवढीच तिची आशा. धास्तीही होतीच. कचेरीत त्याला 'भिंग' म्हणत. चूक दिसली की तो बोलल्याशिवाय राहत नसे, मग समोर साहेब असो की बायको.

त्याची बोटं पॉलिशपेपरवर चढली.

"ग्रॅनाइट. नुसतं टक्कल. पाऊस सगळी माती खाली नेतो, म्हणून झाडी दरीत." बोटं दरीत उतरली. "आणि हा माझा स्वेटर."

"कसर लागली होती त्याला."

"लागली असेल." तरी त्याने ते जंगल दोनदा कुरवाळलं. मग सुतळी सापडली. "ओढा एवढा सरळसोट?"

ती घाईघाईने म्हणाली, "नकाशात तसाच आहे हो."

"तसाच आहे. खडकाला तडा गेलाय, पाणी तो तडा धरून जातं. बाकीचे नकाशा काढताना उगाच वळणं घालतात."

संसारात एवढं कौतुक तिच्या वाट्याला क्वचितच आलं होतं. ओढ्याच्या मागोमाग त्याचा हात पुढे पोचेना, तसा तो खुर्चीतून उठून टेबलावर वाकला. आपण उठलोय हे त्याच्या लक्षातही आलं नाही. तिच्या आलं.

उगमाशी बोटं थबकली. तिथे एक गोल उंचवटा होता.

"इथे टेकडी नाही. इथे तळं आहे. खोलगट. खड्डा दाखवायला रेषेला आतून बारीक दाते काढलेत, ते दिसले नाहीत तुला?"

"दिसले. मला वाटलं, गवत आहे."

त्याची बोटं त्या उंचवट्यावरच राहिली. तळं कोणतं, ते तिला ठाऊक होतं. दर दौऱ्यावरून आला की त्याचंच वर्णन करायचा आणि म्हणायचा, पुढच्या खेपेला तुला नेतो. नेमकी तीच जागा आपण उलटी करून ठेवली, याचं तिला रडू आलं. आता हा पुन्हा खुर्चीत बसणार.

"काढते मी," ती सुरी उचलत म्हणाली. "आत्ता काढते."

त्याने चाचपडत तिचं मनगट धरलं.

"राहू दे गं. तळ्यात कुठे बसता येतं?"

तिचं बोट धरून त्याने त्या टेकडीवर ठेवलं. जागा जेमतेम दीड बोटाची. त्याने आपलं बोट जरा सरकवून घेतलं.