झडपेमागचं घर

शिंप्यानं काडेपेटी उघडली आणि लेकीच्या तळहातावर उपडी केली.

"शाळेत हेच शिकवतेस ना? मग सांग. कुंभारीण की गांधील?"

माशी वाळून हलकी झाली होती. एक पंख तुटला होता. तांबूस पिवळं अंग, त्यावर काळे पट्टे. लेकीनं ती उजेडात धरली.

"कुठे सापडली?"

"त्या झडपेमागे." शिंप्यानं शिलाईयंत्रापलीकडच्या खिडकीकडे बोट केलं. "तुझी आई त्या सकाळी तीच झडप लावायला गेली होती. आत आली, पाणी प्याली आणि मग तिला दुखायला लागलं."

"बाबा, आईचं हृदय बंद पडलं. डॉक्टरांनीच सांगितलंय."

"ते झालंच. मी माशीचं विचारतोय."

आईला गांधीलमाशी सोसायची नाही, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. लेक लहान असताना एकदा आईला गांधील चावली, तर ओठ आणि डोळे सुजून तोंड ओळखू येईना. तेव्हापासून कुठे काही भुणभुणलं की आई आधी बाबांना हाक मारायची. बाबांनी बघून 'काही नाही' म्हटल्याशिवाय ती पुढे पाऊल टाकायची नाही.

"दोन दिवस आधी मला विचारलं होतं तिनं," शिंपी म्हणाला. "अहो, झडपेमागे कुणीतरी घर करतंय, बघता का जरा? मी कॉलर बसवत होतो. मान वर केली नाही. म्हटलं, कुंभारीण असेल. चिखलाचं घर बांधते, एकटी राहते, कुणाच्या अध्यात ना मध्यात. तर म्हणते, न बघताच निकाल? न्यायाधीशच व्हायचं होतं तुम्ही. हसली आणि गेली."

सांगताना त्याचा आवाज हलला नाही. बोटं मात्र सदऱ्याचा एक सुटलेला धागा ओढत राहिली. आई गेल्यापासून त्यानं कापडाला कात्री लावली नव्हती. यंत्रावर चादर टाकलेली होती. सकाळचं ताट तसंच झाकून ठेवलेलं होतं.

लेक उठून खिडकीशी गेली. झडप पुढे ओढली. मागचं घर कुणीतरी काढून टाकलं होतं, पण खूण राहिली होती. कुंभारणीचं घर असतं तर लाकडावर मातीचा टणक गोल उरला असता. इथे एक काळा, बारीक देठ होता आणि त्याला चिकटलेला करड्या कागदाचा तुकडा. तुकड्यात सहा कोनांची एक-दोन घरं अजून शाबूत होती. कुंभारीण चिखल मळते. गांधील लाकूड चघळून कागद करते आणि त्या कागदाच्या घरावर साऱ्याजणी मिळून पहारा देतात. तिथे हात गेला की एकटी येत नाही. हा फरक लेक दर वर्षी फळ्यावर चित्र काढून शिकवायची.

मागे बाबा वाट बघत होते. एवढ्याशा उत्तरावर त्यांचं पुढचं सगळं आयुष्य टेकलं होतं. खोटं बोलू नये, हे तिला आईनंच शिकवलं होतं. देवा, एवढी एक चूक पदरात घे, असं ती मनात म्हणाली. अंगठ्यानं घासून तिनं तो देठ काढून टाकला, झडप लावली आणि वळली.

"कुंभारीणच आहे, बाबा."

"नीट बघितलंस?"

"नीट बघितलं. हिची कंबर बघा ना, दोऱ्यासारखी. कुणाला काही करत नाही ही. उगाच जिवाला लावून घेऊ नका."

शिंप्यानं सुस्कारा सोडला नाही. तिच्या हातातून माशी घेतली आणि पेटीत अलगद ठेवली.

"दवाखान्यात जायला गाडीत बसताना तिनं अंबाडा सोडला होता," तो म्हणाला. "मला वाटलं, घाम येतोय म्हणून. सगळे केस मानेवर घेतले. या वेळी तोंड सुजलं नव्हतं, नुसता श्वास अडकत होता. डॉक्टरांनी विचारलं, काही चावलं का? तिनं आधी माझ्याकडे बघितलं. म्हणाली, नाही हो, छातीतच कळ येतेय. मीही मान हलवली. आमच्याकडे कुंभारीण होती ना. मग त्यांनी छातीचाच इलाज केला."

लेक खाली बसली.

"ती गेल्यावर तिचे केस मीच विंचरले. मानेवर लाल गाठी होत्या. घरी येऊन आधी झडपेमागे बघितलं. तळहाताएवढं कागदाचं घर होतं."

"सगळं ठाऊक होतं, तर मला का विचारलंत?"

"वाटलं, तू तरी चिडशील. चार शब्द सुनावशील." त्यानं काडेपेटी बंद केली. "चिडायला हवं होतंस गं. तिलाही मला वाचवायचंच होतं."