खरपुडीची राखण

शेवटचं फूल भुजंगने नखाने खुडलं, शर्टाच्या खिशात टाकलं आणि बटण लावलं. आता तिन्ही वेली नुसत्या वेली दिसत होत्या. तेवढ्यात खालून हाक आली, "भुजंगमामा, कुठं आहात?" कॉलेजच्या मॅडम आल्याच होत्या.

तो सरळ खाली उतरला नाही. आधी पळसांकडे गेला, वळसा घालून भलत्याच बाजूने वावरात आला. कुठून आलो हे कुणाला कळता कामा नये, हा त्याचा शिरस्ता. इस्लापूरच्या पुढे जंगलाला लागून त्याचं वावर आणि वावरामागे ती टेकडी. गावाला वाटायचं, भुजंगने वर काहीतरी पुरून ठेवलंय. वाटू दे, असं तो म्हणायचा.

वर होती खरपुडी. पावसाळ्यात हिला फूल येतं, करंगळीएवढं, खाली फुगीर आणि वर पाच पट्ट्या टोकाशी जुळलेल्या, जणू इवलासा कंदील. फूल नसलं तर मात्र ही वेल शंभर वेलींतली एक. चौदा वर्षांपूर्वी एक गोडबोल्या जडीबुटीवाला आला आणि भुजंगच्या वडिलांनी, आबांनी, त्याला भोळेपणाने हे फूल दाखवलं. आठ दिवसांत लोकांनी औषधासाठी हिचे कंद पोत्यांनी नेले. रानडुकरं शिरावीत तशी टेकडी उकरली गेली. आबा त्यानंतर वर चढले नाहीत आणि दोन वर्षांत गेलेच. खडकाच्या कपारीत सात वेली तेवढ्या वाचल्या होत्या. भुजंगचा त्यांच्यावर पोरांइतका जीव. त्याने राखणीची युक्ती काढली. फुलांच्या दिवसांत रोज सकाळी वर जायचं आणि उमललेलं प्रत्येक फूल खुडायचं. फूलच नाही तर ओळख कुठली?

तरीही वेली घटत गेल्या. सातच्या पाच झाल्या, पाचच्या चार, आणि यंदा तीन. खड्डा नाही, माती हललेली नाही. यावरून भुजंगने एवढंच ताडलं, की चोर मोठा सफाईदार आहे. आधी त्याचा शक शेळ्यावाल्या बसवंतवर होता. बसवंत गाव सोडून उमरीला मुलाकडे गेला, तरी वेल गेलीच. मग साळिंदरावर शक धरून वर्षभर काढलं. तीन वर्षांपासून या गीतांजली मॅडम नांदेडहून यायला लागल्या, हातात वही, बोलायला गोड. भुजंगचा शक आता त्यांच्यावर पक्का बसला. गोड बोलणारे त्याने पाहिलेले होते.

"यंदा तरी दाखवता का मामा?" मोहाच्या झाडाखाली बसत मॅडम म्हणाल्या. "खरपुडी ह्याच बाजूला होती म्हणतात. मला एक फूल बघायचंय. शेंग मिळाली तर बी रुजवून बघते. रोपं झाली की इथंच आणून लावू."

"हितं कायबी न्हाई."

"मग रोज सकाळी वर कशाला जाता?"

म्हणजे बाई पाळत ठेवून आहे तर. भुजंगचं डोकं फिरलं. "अन् तुम्ही कशाला येता? सातातल्या चार नेल्या, त्यानं भागलं न्हाई का?"

बोलला आणि त्याने जीभ चावली. इतकी वर्षं जपलेलं गुपित एका दमात बाहेर पडलं होतं.

मॅडम रागावल्या नाहीत, याचा त्याला आणखीच शक आला. त्यांनी वही मिटली. "खड्डे दिसले का तिथं?"

"न्हाई. माती जशीच्या तशी."

"मग कुणी नेल्या नाहीत मामा. कंद म्हातारा झाला की जागच्या जागी कुजतो. बी पडलेलं असलं तर त्याच्या जागी नवी वेल येते. शेंगा धरतात का? जोडीच्या असतात, शिंगांसारख्या."

भुजंगला शेंगा आठवल्या. लहानपणी पाऊस सरला की त्या शेंगा तडकायच्या आणि बिया रुईच्या म्हातारीसारख्या उडायच्या. आबांच्या मागे धावत त्याने त्या ओंजळीत धरल्या होत्या. तशी शेंग शेवटची कधी पाहिली, ते त्याला आठवेना.

"अलीकडं न्हाई धरत," तो म्हणाला.

"नवल आहे. हे फूल बारक्या माशीला आत कोंडून घेतं बघा. रात्रभर ठेवतं, पराग चिकटवून दुसऱ्या दिवशी सोडतं. ती माशी दुसऱ्या फुलात शिरली की शेंग धरते. फुलंच कुणी खाऊन जातं का? शेळ्या वगैरे?"

"शेळ्या न्हाईत," भुजंग म्हणाला. त्याचा हात खिशाकडे गेला.

त्याने खिशाचं बटण काढलं आणि सकाळची पाच फुलं एकेक करून मॅडमच्या तळहातावर ठेवली. तीन वर्षं ज्या फुलासाठी त्या येत होत्या, ते हातात आलं होतं. त्यांनी आधी फुलांकडे पाहिलं, मग भुजंगकडे. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"आबानं दाखवून घालवल्या," तो म्हणाला, "अन् म्या लपवून."

एका फुलाच्या तोंडातून बारकी माशी बाहेर आली. तिच्या तोंडाशी परागाचा पिवळा ठिपका चिकटलेला होता. ती मॅडमच्या बोटावर जरा थांबली आणि टेकडीकडे उडाली. तिथे भुजंगने तिच्यासाठी एकही फूल ठेवलेलं नव्हतं.