रोजच्यासारखं पाणी

सन पासष्टच्या उन्हाळ्यात खेड्यातलं रोजचं जगणं ‘जसंच्या तसं’ टिपायला मुंबईचे फिल्मवाले मेहकराकडच्या एका खेड्यात उतरले. त्यांच्या साहेबाने गावविहिरीवर कॅमेरा मांडला आणि गावातल्या शालूबाईला फर्मावलं, "बाई, नाटक नको. रोजच्यासारखं पाणी शेंदा."

"रोजचं पाह्यचं असन तं कोसभर नदीच्या वाळूत खोदलेल्या झिऱ्यावर चाला, साहेब! हे विहीर होळीलेच आटली. नव्या विहिरीचे अर्ज करू करू थकलो आम्ही."

एवढ्या उन्हात कोसभर जायला साहेबाचे बूट थोडेच तयार होते! तो गोड हसला. "विहिरी मंजूर करणारे अधिकारीच हा सिनेमा बघणार आहेत. छान दिसलं तर तुमचं काम झालंच समजा."

मग काय, शालूबाईने गावच्या साऱ्या बाया जमवल्या. झिऱ्यावरून घागरी भरून आणल्या, त्या विहिरीत रित्या केल्या आणि तेच पाणी कॅमेऱ्यापुढे हसत हसत शेंदून काढलं.

दिवाळीत अधिकाऱ्यांनी सिनेमा खरंच पाहिला. महिन्याभरात शालूबाईच्या अर्जाला उत्तर आलं:


"भर उन्हाळ्यातही गावविहिरीस मुबलक पाणी असल्याचे चित्रपटात स्पष्ट दिसते. सबब अर्ज नामंजूर."