उलटं पातं

"मार! लाल आहे तोवर मार!" निशिदा ओरडले आणि चिहारुने हातोडा हाणला. ठिणग्या चामड्याच्या एप्रनवर उडाल्या. घाबरायचं सोडून ती हसली.

जपानमधल्या साकाईतल्या निशिदा लोहारांच्या या कारखान्यात हौशी प्रवाशांना एक दिवस भट्टीपाशी उभं करतात. बहुतेक जण फोटो काढतात आणि भाजी चिरायची लहान सुरी घेऊन घरी जातात. चिहारुला देबा हवी होती. मासा फोडायची, जाड पाठीची, वजनदार सुरी. याइझु बंदरात तिच्या वडिलांची, तोकिझोंची, खानावळ होती आणि तिथल्या कापायच्या फळीवर आजोबांनंतर त्यांच्याशिवाय कुणी उभं राहिलं नव्हतं. यंदा तोकिझो स्वतःहून म्हणाले होते, "आपल्या हातानं देबा घडव. मासा नीट कापला गेला, तर रविवारपासून माझ्या शेजारी उभी राहा." परीक्षा घ्यायला ते स्वतःच सोबत आले होते. दाराजवळ खोक्यावर बसले होते, पायाशी बर्फाच्या डब्यात याइझुचा बांगडा.

"जरा जोरात, पोरी!" निशिदा म्हणाले. "शेजाऱ्याचं दार नाही ते, हळूच ठोठावायला."

"घरी मुळासुद्धा असाच चिरते," तोकिझो म्हणाले आणि सिगारेट ओढायला बाहेर गेले.

चिहारुच्या कानाच्या पाळ्या तापल्या. तिने लोखंड पुन्हा निखाऱ्यात खुपसलं. पिवळंधमक होऊन ते बाहेर आलं तेव्हा सांडशी कुठल्या हातात आणि हातोडा कुठल्या, याचं तिला भान राहिलं नाही. घाव बसू लागले. एकाला लागून दुसरा, दुसऱ्याला लागून तिसरा. लोखंड मेणासारखं सरकत होतं. टोक निघालं. पोटाची गोलाई आली. हा आवाज आपणच काढतोय, यावर तिचा विश्वास बसेना. निशिदा कमरेवर हात ठेवून बघत राहिले.

पोलादाला पाणी द्यायच्या वेळी त्यांनी खिडक्या लावल्या, दिवे घालवले. तापलेल्या पोलादाचा खरा रंग अंधारातच कळतो. तोकिझोही आत येऊन भिंतीला टेकले.

"पिकलेल्या काकी फळासारखा केशरी रंग आला की बुडव," निशिदा पुटपुटले. "जास्त तापवलंस तर तडा जाईल. थांब... थांब... आता!"

चिहारुने पातं पाण्यात घातलं. पाणी किंचाळलं. तिघांनीही श्वास रोखून कान दिले. तडा गेला तर बारीकसा आवाज येतो. तो आला नाही.

"जगलं!" चिहारुने भर अंधारात उडी मारली. "बाबा, जगलं!"

निशिदांनी दिवे लावले. पातं पुसून तिच्या हातात ठेवलं. "आता नीट बघ, काय घडवलंयस ते."

देबाची एक बाजू सपाट असते. त्या बाजूला पोलाद. दुसऱ्या बाजूला उतार. सुरी हातात धरली की उतार उजवीकडे यायला हवा. चिहारुने पातं धरलं. उतार डावीकडे होता. तिने ते फिरवून पाहिलं, पुन्हा धरलं. डावीकडेच.

"डावखुऱ्या माणसाची सुरी आहे ही," निशिदा म्हणाले. "हातोडा डाव्या हातात घेतलास, तिथून सगळंच आरशातल्यासारखं उलटं होत गेलं."

"मग थांबवलं का नाहीत?"

"उजव्या हातानं तू लोखंडाला गोंजारत होतीस. डाव्यानं मारलंस तेव्हा कुठे सुरी झाली. थांबवायचं जिवावर आलं."

चिहारुला वडिलांकडे बघवेना. डाव्या हातात काड्या घेऊन जेवायला बसली की ते बोटांवर पळी मारत. शाळेत जायच्या वयापर्यंत तो हात जेवताना टॉवेलने बांधलेला असे. फळीवर डावखुरा माणूस नको, हा आजोबांच्या वेळेपासूनचा खानावळीचा नियम होता. शेजाऱ्याच्या कोपराला कोपर लागतं. तिची डाव्या हाताची सवय मोडून वडिलांनी तिला उजव्या हाताची केलं होतं, आणि एका दुपारच्या आनंदात ती ते सगळं विसरली होती.

"दुसरी करू," ती कशीबशी म्हणाली. "पुन्हा येईन मी."

"आधी हिला धार लावा," तोकिझो म्हणाले. "मूठ बसवा. मासा मी घरून उगाच नाही आणला."

धार लागली. मूठ बसली. तोकिझोंनी बांगडा फळीवर ठेवला. नेहमी त्याचं डोकं डावीकडे असायचं. त्यांनी ते उजवीकडे केलं, आणि सुरी डाव्या हातात घेतली.

पहिला काप जरा अडखळला. दुसरा कल्ल्यामागून सरळ आत गेला. मग पातं काट्यावरून शेपटीपर्यंत एका दमात सरकलं. मासा उलटला, दुसरं अंगही तसंच सुटलं. काट्याला मांसाचा कणही नव्हता.

"अरे वा!" निशिदांनी टाळी वाजवली.

तोकिझो सुरी पुसत होते. "चांगली आहे," ते म्हणाले. "रविवारी फळीच्या डाव्या टोकाला उभी राहा. म्हणजे तुझं कोपर बाहेर राहील."

चिहारु काट्याकडे बघत होती. "बाबा, हे तुम्ही कधी शिकलात?"

"शिकायचं कसलं?" तोकिझोंनी सुरी मुठीकडून तिच्यापुढे धरली. "ही सवय मोडायला माझ्या बाबांना दोन हिवाळे लागले होते."