पोकळ ओंडका

मिस्त्रींनी बोटाच्या पेरानं स्वतःच्या कपाळावर टकटक केलं आणि रिकामा तळहात उघडून दाखवला. म्हणजे, ओंडका पोकळ.

तो ओंडका समोरच्या खुर्चीत मुकाट्यानं चहा पीत बसला होता. त्यांच्या मुलीला तो पसंत होता. लग्न करीन तर याच्याशीच, असं तिनं घरात सांगून टाकलं होतं. पण बाबा हो म्हणाले तरच, हेही तिनंच वर जोडलं होतं. म्हणून आज हा डोंगर चढून आला होता. खालच्या शहरात चष्मे बनवणारा, सडपातळ, कमी बोलणारा मुलगा.

गावात सॉ मिल होती तेव्हा करवतींच्या आवाजात कानाशी ओरडलेलंही ऐकू यायचं नाही. मग माणसं हातांनी बोलायला लागली. आधी नुसतं थांब, सोड, बाजूला हो. पण दिवसभर एवढ्यावर माणसाचं कसं भागणार? हळूहळू हातांना चहाड्यासुद्धा जमायला लागल्या. पुढे झाडं तोडणं बंद झालं, मिलला कुलूप लागलं, करवती गंजल्या. हात मात्र चालूच राहिले. इथे बायका या उतारावरून त्या उतारावर गप्पा मारतात, आणि नवरा-बायकोचं कडाक्याचं भांडण झालं तरी घरात चिडीचूप असते. भिंतींना कान असतात म्हणे. या गावात त्यांना डोळे लागले असते. आणि परका माणूस आला की काय, मोकळं रान! त्याच्या तोंडावर त्याच्याविषयी वाट्टेल ते बोला.

आताही तेच चाललं होतं. आईनं हातांनी सांगितलं, मुलगा शांत आहे, शांत असणं काही पाप नाही. त्यावर आत्या सरसावली. ही मिस्त्रींची बहीण. मिलमध्ये फळ्या रचण्यात तिची उमर गेली आणि तिची जीभ जेवढी तिखट तेवढेच हातही. तिनं कळवलं, की फळी फारच पातळ आहे, फार तर खोकी होतील. कान मात्र छान आहेत, कोट टांगायला उपयोगी पडतील. मुलाला जोराचा ठसका लागला. आईनं धावत पाणी आणलं. चहात साखर कमी आहे, असं आत्यानं आईला खुणावलं, तर मुलानंच साखरेचं भांडं तिच्याकडे सरकवलं. नशीब, वळण तरी आहे, आत्याचे हात म्हणाले.

मधूनमधून मिस्त्री तोंडानं एखादा प्रश्न विचारत होते. दुकान कसं चाललंय? बरं. घर स्वतःचं? हो. आईवडील? आहेत. झालं, पुन्हा कप तोंडाला. मिस्त्रींचा सगळा जन्म ओंडके पारखण्यात गेला होता. कुऱ्हाडीच्या मागच्या बाजूनं ठोकायचं, कान लावायचा. भरीव निघाला तर खडूनं त्यावर मोठा गोल काढायचा. गोल असेल तर करवतीकडे, नाहीतर सरपणात. आपण एकदाही चुकलो नाही, असं ते स्वतःच सगळ्यांना सांगत. या मुलाला किती ठोकून पाहिलं, पण आतून काही आवाज येईना. त्यांनी तळहात आडवा फिरवला. सरपण.

मुलगी स्वयंपाकघराच्या दारात चौकट घट्ट धरून उभी होती. इथे तिचा जीव टांगणीला लागला होता आणि घरातले त्याच्या कानांवर कोट टांगत होते.

बसची वेळ झाली तशी सगळी त्याला सोडायला निघाली. बस जुन्या मिलच्या फाटकासमोर थांबते. मुलगा निरोप घेऊन आत चढला आणि खिडकीशी बसला. त्यानं काच सरकवून पाहिली, पण ती कित्येक वर्षांची अडकलेली. इंजिन खडखडत होतं. मिस्त्रींनी मुलीला जरा बाजूला घेतलं.

"पोरी, माणूस वाईट नाही. पण आत काही आहे, असं वाटत नाही मला."

मुलीचे डोळे भरून आले. "बाबा, तुम्ही त्याच्याशी बोललात कुठे? तुम्ही तर आपापसातच बोलत होतात." तिनं बसकडे बोट दाखवलं. "आता जरा तिकडे बघा."

काचेमागे मुलानं हात वर केले होते. नुकतं लिहायला शिकलेलं पोर अक्षरं काढतं तसे ते सावकाश हलत होते. त्यानं कपाळावर टकटक केलं. मग तळहात उघडण्याऐवजी मूठ गच्च आवळली. भरीव आहे. एकदा करवत लावून बघा. मग तो आत्याकडे वळला, त्यानं दोन्ही कान धरून बाहेर ओढले आणि कळवलं, कोट आणा.

आत्या हसता हसता रस्त्याकडेच्या दगडावर बसलीच. आईनं दोन्ही हातांत तोंड लपवलं. मिस्त्री कानापर्यंत लाल झाले. हा कधी शिकला, एवढंच त्यांना विचारता आलं.

"पावसाळाभर शिकतोय," मुलगी म्हणाली. "म्हणाला, तुझ्या बाबांशी मला त्यांच्या भाषेत बोलायचंय. तासभर वाट बघत होता, पण त्याच्याकडे हात करून कुणी बोललंच नाही."

बस हलली. मिस्त्रींचा हात सर्रकन वर गेला, मिलमध्ये करवत थांबवायला जायचा तसा. ड्रायव्हर गावचाच, कधीकाळी करवतीच्या बटणावर बसायचा. जुन्या सवयीनं त्यानं इंजिनच बंद केलं. एकदम सगळं शांत झालं. आता मिस्त्री काहीतरी बोलणार, म्हणून सगळे त्यांच्या तोंडाकडे बघत राहिले. पण ते खिडकीपाशी गेले आणि काचेवरच्या धुळीत, मुलाच्या चेहऱ्याभोवती, त्यांनी बोटानं एक मोठा गोल काढला.