विल्मामावशीचा हात

"आमच्या विल्मामावशीनं चालत्या सिनेमातून नवरा कापून नेला, तरी शेजारी उभ्या बायकोला पत्ता लागायचा नाही!" बुडापेस्टच्या स्टुडिओत एडिटर विल्मानं हे कौतुक जन्मभर ऐकलं होतं. एकोणीसशे छप्पन्नचा रशियाविरुद्धचा उठाव चिरडला गेला. स्टुडिओनं उठावातल्या मोर्च्याची फिल्म घेतली होती; तिच्यातले चेहरे ओळखायला पोलीस येणार असं कळलं, तेव्हा तिनं आपल्या मुलाचा, गेर्गेयचा तुकडा कापून शेगडीत टाकला आणि मागची-पुढची फिल्म जोडून दिली.

तरी गेर्गेय सापडलाच. पण आरोप मोर्च्याचा नव्हता. मोर्चा पुलावर असताना शहराच्या दुसऱ्या टोकाला एका शिपायाला गोळी घातल्याचा होता.

"मी तेव्हा पुलावर झेंडा धरून होतो. फिल्म लावून बघा ना," तो कोर्टात म्हणाला.

फिल्म लावली. पुलावर माणसंच माणसं होती. गेर्गेय नव्हता.

विल्मा ताडकन उठली. "होता हो साहेब! मीच कापला त्याला!"

"कुठे कापलंय तेवढं दाखवा, बाई," न्यायाधीश म्हणाले.

फिल्म पुन्हा लावली. विल्मा डोळे फाडून बघत राहिली. सांधा तिलाही सापडला नाही.